बटण बंद करू नका

टीव्हीवर 'अपडेट चालू आहे, बटण बंद करू नका' असं ठळक लिहून आलं होतं. तरी झोपायला जाताना रघुनाथरावांनी सवयीनं भिंतीवरचं बटण बंद केलंच. तेव्हापासून सेटटॉप बॉक्स सुरूच होईना. पडद्यावर नुसतं एक चक्र फिरत राहायचं. मालिकेतलं ऐन लग्न बुडालं म्हणून शकूताईंनी नवऱ्याशी अबोला धरला. चहा मिळायचा, पण कप टेबलावर आदळून.

"बाबा, बॉक्सच्या मागे एक बारीक भोक आहे," नागपूरहून मुलगी फोनवर म्हणाली. "त्यात टाचणी दाबून धरा आणि मग बटण चालू करा."

टाचणी कुठली सापडायला! त्यांनी कपाट, ड्रॉवर, औषधांचा डबा, सगळं उचकलं. शेवटी शकूताईच आल्या, बांगडीतली सेफ्टी पिन काढून टीव्हीपुढे ठेवली आणि चकार शब्द न बोलता स्वयंपाकघरात गेल्या.

पिन दाबल्यावर पडद्यावरचे टक्के हळूहळू चढू लागले. कुणी बटण बंद करू नये म्हणून रघुनाथराव त्याच्यापुढे पहाऱ्याला उभे राहिले. तसं घरात बटणं बंद करणारे ते एकटेच होते. शंभर टक्के झाले, पडदा काळा पडला, आणि एकदम कुठलंसं तेलुगू गाणं घरभर दणाणलं.

"अहो, आवाज कमी करा! कानठळ्या बसल्या माझ्या!" आतून शकूताई ओरडल्या.

रघुनाथरावांचा जीव भांड्यात पडला. त्यांनी रिमोट उचलला आणि आवाज आणखी थोडा वाढवला.