पान एकशे बारावरचा देव

बाहेर गाडीत बसलेल्या मुलाने, मितेशने, तिसऱ्यांदा हॉर्न वाजवला आणि घरात पंढरीने तिसऱ्यांदा घड्याळ पाहिलं. बारा वाजता भिवंडीच्या रजिस्टर कचेरीत पोचायचं होतं. हायवेलगतच्या शेतावर गोडाऊन उभं राहणार होतं, जमीन घेणारी पार्टी कागद घेऊन कचेरीत बसली होती आणि सगळं अडलं होतं आक्काच्या एका सहीवर. आक्का त्याची मोठी बहीण. "हक्कसोड करायची हाय, ये," एवढंच त्याने फोनवर सांगितलं होतं आणि ती सकाळीच कशेळीहून आली होती. बापाच्या जमिनीवरचा हक्क सोडणाऱ्या बहिणीला भाऊ साडी देतो, गावात तशी रीतच. हिरवी, जरीकाठाची साडी तिच्या मांडीवर ठेवून झाली होती. आता तिने फक्त उठायचं होतं.

ती उठेना, कारण ऋतिकाने पुस्तक उघडलं होतं.

ऋतिका पंढरीची मुलगी, कॉलेजात इतिहास शिकणारी. कोकणातल्या मध्ययुगीन शिल्पांवरचं ते जाडजूड पुस्तक तिने लायब्ररीतून आणलं आणि पान एकशे बारावर तिला आपल्याच शेतातला देव सापडला. एवढा आनंद तिला बारावीच्या निकालानेही झाला नव्हता.

"आत्या, बघ ना! आपला चांदसूर्या!"

शेतातल्या त्या दगडाला हे घर राखणदार म्हणून पुजत आलं होतं. वर चंद्रसूर्य कोरलेले, त्याखाली शेंदराचा जाड थर आणि बाकीचा दगड मातीत. त्याच्यापुढे नारळ फोडल्याशिवाय पंढरीने कधी पेरणी केली नव्हती. गावात कुणाचा बांध सरकला, कुणाचा कोंबडा चोरीला गेला, तर दगडावर हात ठेवून खरं बोलायचं, की भांडण मिटलं. पंढरीनेच कितीतरी जणांना हात ठेवायला लावला होता. फोटोत मात्र अख्खा दगड उघडा होता.

आक्काने चष्मा लावला. "यो फोटो काढला तवा मी तितंच व्हती. मुंबईचा कोन मास्तर आलता. त्यानं खनला, पान्यानं धुतला. तो गेला आनि बानं लगेच माती लोटली. बोलला, पोरींनी खालचं बघायचं नसतं. काय हाय गो खाली?"

ऋतिका गडबडली. "गाढव आहे. आणि बाई."

"आक्का, उशीर होतोय," पंढरी म्हणाला.

"वाच गो."

"याला गधेगाळ म्हणतात. देव नाही हा, शापाचा दगड आहे. राजाने कुणाला जमीन दिली की असा दगड रोवायचे. ज्याची जमीन आहे त्याच्याकडून जो कुणी ती काढून घेईल, त्याच्या..." ती थांबली. "पुढचं घाण आहे, आत्या."

"त्याच्या काय?"

"त्याच्या आईला शाप आहे. गाढवाचा."

पंढरी उठला, माठातून पाणी घेतलं आणि न पिताच पेला खाली ठेवला. "आईला कशाला? जमीन ज्यानं घेतली, त्यालाच द्या ना काय तो शाप! आनि राजे मेले कवाच. जमीन आपल्या बापाची हाय. कुनाकडनं काढून घेतली न्हाय आपन."

"मी कुठं काय बोलली?" आक्का म्हणाली.

पुन्हा हॉर्न वाजला. पंढरी दारापर्यंत गेला, परत आला. फोन थरथरला, पार्टीचाच होता. त्याने तो उलटा करून ठेवला.

"सही देते मी," आक्का म्हणाली आणि त्याचा जीव भांड्यात पडला. पण तिचं बोलणं संपलं नव्हतं. "फकस्त वाटेत शेतावर थांबू. दगडावर हात ठेव आनि बोल, बहिनीनं राजीखुशीनं दिली, मी काढून घेतली न्हाय. तू बोललास का मी निघाली कचेरीत."

"तो देव न्हाय, पुस्तकात लिवलंय ना!"

"मंग तर सोपं हाय. चल."

एक हात ठेवायचा, एक वाक्य बोलायचं. पण ते वाक्य पंढरीला इथे, घरातसुद्धा, मनातल्या मनात पुरं करता येईना. तिला विचारलं कुणी होतं? ती राजी आहे की नाही हे विचारायचं त्याच्या कधी डोक्यातच आलं नव्हतं.

"शापाबिपाचं काय न्हाय रं," आक्का हलकेच म्हणाली. "पन आई दोघांची येकच हाय, म्हनून बोलते."

पंढरीने झडप घालून पुस्तक ओढलं. एकशे बारा नंबरचं पान त्याच्या मुठीत गोळा झालं.

"बाबा, लायब्ररीचं आहे ते!" ऋतिका ओरडली.

तेवढ्यात मितेश आत आला. "काय चाललंय? निघायचं ना?"

पंढरीने मूठ सोडली. पान फाटलं नव्हतं, नुसतंच चुरगळलं होतं. त्याने मुलाकडे पाहिलं, बहिणीकडे पाहायचं टाळलं. "गाडी बंद कर," तो म्हणाला आणि पलंगाच्या कडेला बसला.

आक्काने मांडीवरची साडी उचलून त्याच्या शेजारी ठेवली. मग पुस्तक घेतलं, ते पान तळहाताने सपाट केलं आणि पुस्तक ऋतिकाच्या हातात दिलं.

"इतक्यात परत नको देऊ गो," दारातल्या मितेशकडे बघत ती म्हणाली. "भाऊ तुलापन हाय."