पाटीवरचं नाव

"चंद्र दिसेस्तोवर ताटावरचं पान उचलायचं न्हाय, आणि उपास हाय म्हणून तोंड पाडून बसायचं न्हाय."

सासूचं हे सांगणं अडतीस वर्षं जयाबाईंच्या कानात तसंच होतं. त्यामुळं आज संकष्टी असूनही संग्रहालयाच्या चौथ्या दालनात त्या सगळ्यांच्या पुढं ताठ उभ्या होत्या. निपाणीहून गाडी करून बेळगावला आलेली आठ माणसं. एका वेळी आठांनाच आत सोडायचे, आणि बरोबर माहिती सांगायला एक मुलगी. तिचं नाव सौम्या.

"आणि हे आमचं सगळ्यात गाजलेलं चित्र," सौम्या म्हणाली. "शंभर वर्षांपूर्वीचं. चित्रकारानं नाव दिलं नव्हतं. संध्याकाळ झालीय, नवरा परगावी आहे, ही खिडकीतून त्याची वाट बघते. जेवण झाकून ठेवलंय. मन लागत नाही, म्हणून हातात गवताच्या काड्यांचा चाळा. आमच्या संचालक सरांनी हिचं नाव ठेवलंय, 'विरहिणी'. आज संध्याकाळी पितळी पाटी करायला कागद जाणार."

दोघीतिघी पदराआड हसल्या. जयाबाई चित्राकडं बघतच राहिल्या.

"गवत न्हाय ते, पोरी," त्या हळूच म्हणाल्या. "दूर्वा हाईत."

सून रूपालीनं मागून कोपर धरलं. "आत्ती, गप्प बसा की."

"गप्पच हाय. पण ही नवऱ्याची वाट बघत न्हाय. चंद्राची बघती. संकष्टी हाय हिची."

रिटायर झालेले आण्णाप्पा मास्तर मोठ्यानं हसले. "आक्का, तुमचा उपास हाय म्हणून सगळ्या जगाचा हाय व्हय? या चित्रावर शिकलेल्या माणसांनी पुस्तकं लिवल्यात."

"लिवू देत की. त्यांनी उपास कुठं धरलाय?" जयाबाईंचा आवाज तसूभर चढला नाही. "ताटाशेजारी ताम्हण आणि पळी ठेवलीया. नवरा आला की त्याला पळीनं पाणी पाजणार हाय व्हय ही? दूर्वा मोजा मास्तर. एकवीस भरतील."

मास्तरांनी चष्मा पुसला. दोरीपर्यंत गेले, बोट हवेत धरून मोजायला लागले.

"ताटाजवळ पंधरा. हातात पाच." ते वळले. "वीस. झालं आक्का?"

रूपाली फरशीकडं बघायला लागली. जयाबाई जागच्या हलल्या नाहीत. चित्रातल्या बाईचा हात त्यांच्या ओळखीचा होता. मोजता मोजता वर बघायचं झालं, तर मोजणी चुकू नये म्हणून काडी अशीच मनगटाला टेकवून धरायची.

"बांगड्यांत बघा."

"बांगड्या हिरव्याच हाईत की."

"व्हय. पण बांगडीला तीन पात्यांचा शेंडा असतोय का?"

मास्तर पुन्हा वाकले. सौम्या तर दोरी ओलांडून चित्रापाशी गेली आणि बांगड्यांजवळ वाकली.

"आहे," ती म्हणाली.

मास्तरांनी चष्मा काढला आणि खिशात ठेवला. "हाय बाबा. एकवीस."

बाकीचे पुढच्या चित्राकडं सरकले तशी सौम्या जयाबाईंच्या जवळ आली. "काकू, मला इथं लागून चारच महिने झालेत. मी सांगून सर ऐकणार नाहीत, उलट माझ्यावरच ओरडतील. ते साडेसहाला येतात. आल्या आल्या कागदावर सही करतील आणि पाटी जाईल. तुम्ही थांबाल? तुम्हीच सांगाल त्यांना?"

"थांबते. सांगून मगच जाते."

"आत्ती!" रूपालीनं आता आवाज लपवला नाही. "आपली गाडी पाचला सुटणार. मागनं बसनं यायचं म्हटलं तर चंद्र वाटेतच उगवंल. घरात सगळी मांडामांड करून आलाय तुम्ही. अडतीस वर्षांत एक तरी पूजा चुकलीया का तुमची?"

"न्हाय चुकली."

"मग?"

"हिची बी चुकली नसंल. दिवसभर पोटात काय न्हाय, आणि देवाची वाट बघत बसलीया बिचारी. उद्यापास्नं लोक येणार, आणि नवऱ्यासाठी झुरती म्हणून हिला बघून जाणार. ते मला सोसायचं न्हाय, रूपाली." त्यांनी सुनेच्या हातातली पिशवी सारखी केली. "माझा चंद्र संकेश्वराजवळ उगवला तर संकेश्वराजवळ हात जोडीन. गणपती काय घरातच बसलाय व्हय? तू जा गाडीनं. लेकरं वाट बघतील."

रूपालीनं पर्समधनं पन्नासच्या दोन नोटा काढून सासूच्या मुठीत कोंबल्या. "बसला बसायच्या आधी फोन करा," एवढंच म्हणाली आणि गाडीकडं गेली.

पाचला दालन रिकामं झालं. सौम्या दारात घुटमळत होती.

"काकू, सरांची खोली वरच्या मजल्यावर आहे. बाहेर बाकडं आहे, तिथं बसा. पण एक सांगू? त्यांना मराठी येत नाही. कन्नडमध्येच बोलावं लागेल."

"बरतैत्री, येतंय की," जयाबाई म्हणाल्या. "आमच्या गल्लीत निम्मं बोलणं कन्नडच हाय."

आणि पदर खांद्यावर नीट घेऊन, कठड्याला धरून, त्या जिना चढायला लागल्या.