बबलूच्या पदकासाठी जबाब

“पाय घसरला कसा?” तहसीलच्या साहेबांनी विचारलं.

“विहिरीतून पाणी काढाले वाकली होती जी,” ममता म्हणाली. “गेली खाली.”

घाटंजीजवळच्या तांड्यात, सेवालाल महाराजांच्या मंदिरापुढं खुर्ची टाकली होती. बबलूला मरणोत्तर जीवनरक्षा पदक मिळावं, अशी शिफारस सरपंचांनी पाठवली होती. साहेबांनी जमलेल्यांना सावकाश समजावलं. फाइल जिल्ह्यातून मुंबईला जाते, मुंबईहून दिल्लीला. दिल्लीची समिती तांड्यात येत नाही, ती कागद वाचते. ज्याचा जीव वाचला त्याचाच जबाब कच्चा निघाला, तर फाइल पुढं सरकत नाही.

बबलूची आई हंसाबाई खांबाला टेकून ऐकत होती. ममता दिसली की ती वर्षभर तोंड फिरवायची. बाकीच्या बाया तोंडावर बोलायच्या. बबलू बुडाला त्या दिवसापासून ममताला कुणी हळदीलाही बोलावलं नव्हतं.

“सोन्यासारखा पोरगा खाल्ला हिनं,” लालीबाई साहेबांना ऐकू जाईल अशी म्हणाली. “अन् पाहा, कशी धडधाकट हाय!”

साहेबांनी हात वर केला. “पोहता येतं तुम्हाला?”

“नाही जी.”

“लोक आले तेव्हा तुमच्या एका हातात मोटरचा पाइप होता, दुसऱ्या हातात बबलूची कॉलर.”

“त्यानंच मले पाइपापर्यंत ढकललं. मंग तो दमला. मी कॉलर धरली, पण वर ओढणं झालं नाही.”

“काही बोलला तो?”

ममतानं हंसाबाईकडं पाहिलं.

“पाइप सोडू नको म्हणे.”

साहेबांनी जबाब वाचून दाखवला. “सही झाली की यात बदल होत नाही. नीट विचार करा.”

“केला जी.” तिनं सही केली.

“घ्या! आता दिल्लीपर्यंत नाव होईल हिचं,” लालीबाई म्हणाली. दोघीतिघी हसल्या.

साहेबांची जीप गेली. बाया पांगल्या. ममता चप्पल घालत होती, तेवढ्यात हंसाबाई उठून तिच्याजवळ आली. शिव्या ऐकायच्या तयारीनं ममतानं मान खाली घातली.

हंसाबाईनं तिचा हात धरला. आवाज अगदी खाली आणला.

“मी वावराच्या धुऱ्यावरून पाहून राह्यली होती, पोरी. आधी त्यानंच उडी टाकली. त्याले काढाले मागून तू.”