वाढलं

पुरात रस्ता वाहून गेल्याला नऊ दिवस झाले, तरी कासारवेढे नगरपंचायतीला सरकारी मदत मिळाली नव्हती. कार्यालयातल्या पडद्यावर एकच ओळ यायची : 'गावातील धान्यसाठा वाढला आहे.'

हल्ली पंचनामे होत नसत. प्रत्येक स्वयंपाकघरातलं यंत्र घरातलं बोलणं ऐकायचं आणि त्यावरून नगरपंचायतीला मदत मंजूर व्हायची. मुख्याधिकारी हेमांगी खैरमोडे चक्रावून शेजारच्या ठोंबऱ्यांच्या ओसरीवर गेल्या.

"घरात काय शिल्लक आहे, जनाक्का?"

"तांदूळ परवाच वाढले, मॅडम. पीठ काल वाढलं." जनाक्कांनी दोन्ही डबे बाहेर आणून उघडून दाखवले. दोन्ही रिकामे होते.

हेमांगीबाईंनी कपाळावर हात मारला. "अहो, यंत्राला ते खरंच वाढलं असं वाटतंय! सरळ 'संपलं' म्हणा."

"भरल्या घरात असं बोलू नये."

"घर कुठं भरलंय?"

जनाक्कांनी खाटेवर तापाने निपचित पडलेल्या नवऱ्याकडे पाहिलं. "माणसं आहेत की. संपलं हे आम्ही माणसालाच म्हणतो."

त्यानंतर चौथ्या दिवशी सकाळी यंत्राने गावातून तो शब्द पहिल्यांदा टिपला. जनाक्का चुलीपाशी बसून एवढंच म्हणाल्या होत्या, "हे संपले."

लगेच नगरपंचायतीला मदत मंजूर झाली. तासाभरात ड्रोन आले. पहिलं पोतं ठोंबऱ्यांच्या अंगणात, तिरडीशेजारी उतरलं. त्यावर छापलं होतं : 'दोन माणसांसाठी.'