चार पायांचं प्रेम

"उरलेली वाट माझ्याबरोबर चालशील?" नोएलीनने नायिकेचं वाक्य वाचलं, आणि उत्तरादाखल सोफ्यावरून घोरणं ऐकू आलं.

तिने चष्म्यावरून पाहिलं. डेसने बूट काढले होते, पाय वर घेतले होते आणि सोफाभर आडवी होऊन स्वारी चक्क झोपली होती. चहाबरोबरचा चीजचा स्कोन, छोटा खुसखुशीत पाव, बशीत अर्धाच राहिला होता.

शेजारचा डेस दर रविवारी दुपारी चहाला यायचा आणि ती त्याला आपल्या कादंबरीचं नवं प्रकरण वाचून दाखवायची. कादंबरी अश्वमानवांची. कमरेपर्यंत माणूस, खाली घोडा. वायकाटोच्या कुरणांत घोड्यांच्या संगतीत जन्म काढलेल्या बाईला दुसरं सुचणार तरी काय! लढाया तिने झरझर लिहिल्या. प्रेमापाशी मात्र घोडं अडलं. नायकाला गुडघे टेकायला लावले तर तो बसवलेल्या उंटासारखा दिसायचा, मिठी मारायला लावावी तर पुढचे खुर मध्ये यायचे. शेवटी तिने नायिकेलाच बोलतं केलं.

खरं तर ते वाक्य नोएलीनचं स्वतःचं होतं, आणि डेससाठी होतं. या वयात तोंडावर विचारायची लाज वाटली, म्हणून तिने ते चार पायांच्या बाईच्या तोंडी घातलं. काल मुद्दाम केसही कापून घेतले होते. आणि हा बाबा घोरतोय! तिला फार वाईट वाटलं. पुढच्या रविवारपासून वाचन बंद आणि चहाही बंद, असं तिने ठरवून टाकलं.

दारात गाडी थांबली. डेसची मुलगी रेविन त्याला जेवायला न्यायला आली होती.

"घेऊन जा बाई तुझ्या बाबांना," नोएलीन म्हणाली. "माझं लिखाण झोपेच्या गोळ्यांच्या दुकानात ठेवायला हरकत नाही."

रेविन उंबऱ्यातच थबकली.

"मावशी, बाबा आडवे झालेत?" ती कुजबुजली. "आई गेल्यापासून ते खुर्चीत बसूनच झोपतात. पलंगाला पाठ म्हणून लावत नाहीत. डॉक्टर झाले, औषधं झाली, मी रडून पाहिलं."

नोएलीनने खिडकीबाहेर पाहिलं. कुरणात तिचा म्हातारा घोडा उन्हात पाय पसरून झोपला होता आणि घोडी त्याच्याजवळ उभी होती. घोडे डुलकी काढतात ती उभ्या उभ्याच. निर्धास्त आडवे होतात ते फक्त दुसरं कोणी राखणीला उभं असेल तेव्हा. हे तिला लहानपणापासून ठाऊक होतं, आणि तरी इतके दिवस ती नायकाचे गुडघे वाकवत बसली होती.

"उठवू का त्यांना?" रेविनने विचारलं. "जेवण गार होईल."

नोएलीन खुर्चीतून उठली.

"झोपू दे गं," ती हळूच म्हणाली. "मी आहे उभी."