रविवारची चाल

"धाकट्या भावाच्या अंत्ययात्रेसाठी चाल हवीय," पाहुणा म्हणाला.

संगीतकार कास्तेल्लींची बोटं पियानोवर थबकली. "अरेरे! कधी गेला?"

"अजून नाही. येत्या रविवारी." पाहुण्याने हॅट मांडीवर ठेवली. "पडद्यावरच्या मरणाची चाल तुम्ही चित्रीकरणाच्या आधीच बांधता, असं ऐकलंय. म्हणून आलो."

चाळीस वर्षं सिनेमांत, टीव्ही मालिकांत माणसं कास्तेल्लींच्या सुरांवर मरत आली होती. ती सगळी खोटी मरणं होती. हे खरं होणार होतं. पण पालेर्मो शहरात या माणसाला नाही म्हणायची कुणाची टाप नव्हती. ते मुकाट्याने वाजवू लागले.

तेवढ्यात एक हसरा तरुण आत आला. "दादा, गाडी आणलीय, आई जेवायला थांबलीय," म्हणत पियानोला टेकला आणि डोळे मिटून ऐकत राहिला.

"वा, काळजाला हात घातलात," तो म्हणाला. "कुणासाठी बांधलीत?"