धामणीच्या नावावर

निजामाचं राज्य होतं तेव्हाची गोष्ट. शिमग्यानंतर युसूफ वडगाव या गावातल्या शहादेवच्या म्हशीचं दूध निम्म्यावर आलं. पहाटे धार काढायला जाणारी त्याची सून राही म्हणाली, "मामा, धामण येती. म्हशीच्या पायाला वेढा घालून दूध पिती. म्या बघितलं हाय." शहादेवनं कडब्याच्या गंजी उपसल्या, बांध खणले. त्याचं बघून साऱ्या गावानं काठ्या उचलल्या. उन्हाळा सरेपर्यंत शिवारात औषधाला धामण उरली नाही.

धामणी गेल्या आणि उंदीर माजले. आषाढात ज्वारी काढायला जमिनीतलं पेव उघडलं, तर आत नुसता भुसा आणि लेंड्या. शहादेवनं मूठभर भुसा हातात घेऊन चाळून पाहिला. "दूधच पीत हुती बिचारी," तो म्हणाला, "दाणा तर राखत हुती."

त्या दिवसापासून घरात एकाच वेळची चूल पेटू लागली. सासू भिवराबाईनं स्वतःच्या ताटातली अर्धी भाकरी राहीच्या ताटात सरकवली. "खा गं बाई, दोन जिवाची हायस. शिमग्यालाच मनात हुतं, सुनेला रोज पेलाभर दूध द्यावं. पर त्या मेलीनं ठिवलंच न्हाई."


राहीनं ती अर्धी भाकरी परत सासूच्या ताटात ठेवली. सुनेनं दूध मागायची घरात रीत नव्हती, म्हणून पहाटेच्या धारेतलं निम्मं दूध तीच गोठ्यात उभ्या उभ्या पिऊन टाकत होती.